परत आलेलं एक पाकीट: सरफेसी कारवाईला दिलेल्या आव्हानाचं एक प्रकरण

भोसरी एमआयडीसीत ३०० चौरस मीटरचा भाडेपट्ट्याचा भूखंड, त्यावर शेड, आत कॉम्प्युटरवर चालणारी धातूकामाची मशीन, दोन व्हीएमसी आणि एक सीएनसी लेथ. काम वाहनांच्या सुट्या भागांचं, तेही जॉबवर्क. मालक एकटाच, म्हणजे प्रोप्रायटरी फर्म. कर्ज महाराष्ट्र सहकारी संस्था कायद्याखाली नोंदलेल्या एका नागरी सहकारी बँकेचं: ४५ लाखांचं मुदत कर्ज आणि ४० लाखांची कॅश क्रेडिट (खेळत्या भांडवलाची उचल). मशीनखेरीज तारण दोन मिळकतींचं, एक भोसरीची शेड आणि दुसरा चिंचवडचा दोन बेडरूमचा फ्लॅट. फ्लॅट नवरा-बायको दोघांच्या नावावर, म्हणून बायको सहगहाणदारही आणि जामीनदारही. शिवाय चाकणच्या कारखान्यात नोकरी करणारा एक मित्र जामीनदार.

सरफेसी म्हणजे कोर्टात न जाता तारण ताब्यात घेऊन विकायचा अधिकार बँकेला देणारा २००२ चा कायदा. हे खातं नमुना म्हणून रचलेलं आहे. पुण्यात अशा प्रकरणांत वारंवार दिसणाऱ्या गोष्टी एका फाइलीत आणल्या आहेत. कायदा, त्यातल्या मुदती आणि सर्वोच्च न्यायालयाचे निकाल मात्र खरे आहेत.

थकबाकी कुठे सुरू झाली

मुदत कर्जाचा हप्ता ९६,००० रुपये, तारीख दर महिन्याची १०. जानेवारी २०२४ चा चुकला. पुढे फेब्रुवारीचा आणि मार्चचाही. हप्ता ज्या दिवशी द्यायचा त्याच दिवसाच्या अखेरीपासून थकीत दिवस मोजतात. त्या हिशेबाने १० जानेवारीच्या हप्त्याला ९० दिवस ९ एप्रिलला पुरे होतात आणि त्या दिवशी खातं एनपीए, म्हणजे अनुत्पादक कर्ज, होतं. कॅश क्रेडिटमध्ये २८ मार्चला एका ग्राहकाचे १,४०,००० जमा झाले होते, पण त्याचा उपयोग नाही. एनपीए खात्यागणिक ठरत नाही, कर्जदारागणिक ठरतो. एक खातं गेलं की त्याच्याबरोबर बाकीचीही जातात.

इथेच एक गोष्ट निसटली. ८ एप्रिलपर्यंत फक्त जानेवारीचा हप्ता व्याजासह भरला असता तर सगळ्यात जुनी थकबाकी १० फेब्रुवारीची झाली असती आणि ९० दिवस १० मेपर्यंत लांबले असते. एकदा एनपीए झाल्यावर ही सोय राहत नाही. रिझर्व्ह बँकेच्या खुलाशानुसार सगळ्या खात्यांची सगळी थकबाकी भरली तरच खातं पुन्हा ‘स्टँडर्ड’ होतं. एप्रिलच्या पहिल्या आठवड्यात लाखभर रुपये जेवढं काम करतात तेवढं मे महिन्यात पाच लाखही करत नाहीत.

बँकेने मात्र एनपीएची तारीख धरली ३१ मार्च २०२४. त्या दिवशी थकबाकीचा ८१ वा दिवस होता. वर्षअखेरीच्या ताळेबंदाला सोयीची तारीख टाकली, एवढंच. कर्जदाराच्या पहिल्या वकिलाने यावरच सगळी भिस्त ठेवली होती.

तेरा-दोनची नोटीस

सरफेसीच्या कलम १३(२) ची, म्हणजे ६० दिवसांत सगळं येणं भरा असं सांगणारी, नोटीस निघाली २२ एप्रिल २०२४ ला. मागणी ७७,६०,४१२ रुपये, त्यात दंडव्याजावर लावलेलं व्याजही. कर्जदाराला ती २६ एप्रिलला मिळाली. कायद्यात ६० दिवस नोटिशीच्या तारखेपासून आहेत, म्हणजे २१ जूनपर्यंत. शहाणी बँक पोच मिळाल्यापासून मोजते, तसं धरलं तर २५ जून.

नोटीस हातात पडल्यावर कर्जदाराने चार गोष्टी मागवायला हव्यात: दोन्ही खात्यांचे उतारे, मंजुरीपत्र, गहाणाची कागदपत्रं आणि सेरसाईची, म्हणजे तारणांच्या केंद्रीय नोंदवहीतली, नोंद. शेवटची दोन नीट बघायची. टायटल डीड (मालकीचे मूळ कागद) ठेवून केलेलं गहाण असेल तर महाराष्ट्रात १ एप्रिल २०१३ पासून ३० दिवसांत दुय्यम निबंधकाकडे ‘नोटीस ऑफ इंटिमेशन’ दाखल करावी लागते. आणि २४ जानेवारी २०२० पासून सेरसाईत नोंद नसेल तर बँकेला सरफेसीखाली कारवाईच करता येत नाही, कलम २६-ड. या प्रकरणात दोन्ही नोंदी चोख होत्या. तरीही पुढे कर्जवसुली न्यायाधिकरणात (डीआरटीत) केलेल्या अर्जात ‘सेरसाई नोंद नाही’ असा मुद्दा घातला गेला, कारण तो दुसऱ्या कोणाच्या अर्जातून उतरवला होता. बँकेने पहिल्याच तारखेला प्रमाणपत्र पुढे केलं आणि अर्जदाराची पत उगाच थोडी कमी झाली.

आता ते पाकीट. नोटिशी तिघांना रजिस्टर एडीने गेल्या. कर्जदार आणि बायको, दोघांचाही पत्ता बँकेने एकच टाकला, भोसरीची शेड. बायको शेडवर कधी जात नाही. तिचा पत्ता चिंचवडचा फ्लॅट, आणि तोच पत्ता गहाणाच्या कागदात तिच्या नावापुढे लिहिलेला आहे. पोस्टमनने पाकिटावर निळ्या पेनाने ‘नॉट नोन’ लिहिलं, खाली तारीख २९ एप्रिल, आणि पाकीट बँकेला परत. वसुली विभागाच्या कारकुनाने ते फोडलं नाही, फाइलीला टाचलं आणि कामाला लागला.

नोटीस बजावण्याची रीत सरफेसीच्या २००२ च्या नियमांत नियम ३ मध्ये आहे. कर्जदार जिथे राहतो किंवा धंदा करतो तिथे नोटीस पोचवायची. तो टाळतोय किंवा बजावणी होत नाही असं दिसलं तर राहत्या जागेच्या दाराला चिकटवायची आणि दोन वर्तमानपत्रांत छापायची, त्यातलं एक स्थानिक भाषेतलं. यातलं काहीच बायकोच्या बाबतीत झालं नाही. आणि कायद्याच्या व्याख्येत ‘कर्जदार’ या शब्दात जामीनदार आणि गहाण देणाराही येतो. म्हणून तिला स्वतंत्र नोटीस हवीच होती.

आक्षेपपत्र, आणि त्यातली एक नसलेली सही

कलम १३(३-अ) खाली कर्जदाराला आक्षेप घेता येतो आणि बँकेने १५ दिवसांत कारणांसह उत्तर द्यायचं असतं. कर्जदाराने २० मेला पत्र दिलं, पोचीचा शिक्का घेतला. पत्रात तीन परिच्छेद मंदीचे, एक ‘सहा महिने मुदत द्यावी’ असा, आणि शेवटी एनपीएच्या तारखेबद्दल एक ओळ. असं पत्र आक्षेप कमी आणि कबुली जास्त ठरतं. मुदत मागणाऱ्याने कर्ज मान्य केलेलं असतं. आक्षेपपत्र वेगळं लिहावं आणि तडजोडीचं पत्र ‘हक्काला बाध न येता’ असं लिहून वेगळं द्यावं.

बँकेचं उत्तर ४ जूनपर्यंत यायला हवं होतं. ते आलं २८ जूनला, एका ओळीचं: आपले आक्षेप मान्य करता येत नाहीत. सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये आयटीसी विरुद्ध ब्लू कोस्ट हॉटेल्स प्रकरणात उत्तर देणं बंधनकारक म्हटलं आहे, पण त्याच प्रकरणात कर्ज देणाऱ्या संस्थेच्या बाजूने वाटाघाटी झाल्या होत्या आणि मुदती दिल्या गेल्या होत्या म्हणून तेवढ्यावर कारवाई मोडली नाही. हा मुद्दा मांडावा जरूर, पण त्यावर घर बांधू नये.

पत्रावर सही एकट्या नवऱ्याची होती. घाईत होता, बायको माहेरी गेली होती. तिने तेव्हा सही केली असती तर पुढे ‘मला नोटीसच मिळाली नाही’ हे म्हणायला जागा राहिली नसती.

ताबा, आणि पंचेचाळीस दिवस

१० जुलै २०२४ ला बँकेच्या प्राधिकृत अधिकाऱ्याने दोन्ही मिळकतींचा सांकेतिक, म्हणजे कुलूप न लावता नुसता कागदोपत्री, ताबा घेतला. दाराला नोटीस, दोन पंच, मोबाईलवर फोटो. ही नोटीस सात दिवसांत दोन वर्तमानपत्रांत यावी लागते. मराठीत १६ जुलैला आली, इंग्रजीत २० जुलैला, म्हणजे १७ ची मुदत उलटून तीन दिवसांनी.

पुष्कळांना वाटतं की सांकेतिक ताब्याला आव्हान देता येत नाही, कुलूप लागेपर्यंत थांबायचं. हे २०१८ च्या हिंडन फोर्ज निकालानंतर उघडच चुकीचं आहे. कलम १७ चा, म्हणजे डीआरटीत कारवाईला आव्हान देणारा, अर्ज सांकेतिक ताब्यावरही चालतो आणि ४५ दिवसांचं घड्याळही तेव्हाच सुरू होतं. १० जुलैपासून ४५ वा दिवस २४ ऑगस्ट, चौथा शनिवार. सोमवारी जन्माष्टमी. अशा वेळी सुट्टीनंतरच्या दिवशी चालेल का, यावर वाद घालण्यापेक्षा शुक्रवारच्या आत अर्ज आत गेला पाहिजे.

पण आधी १८ जुलैला कर्जदार शिवाजीनगरच्या दिवाणी न्यायालयात गेला, मनाई हुकूम मागायला. बँकेने कलम ३४ दाखवलं: डीआरटीच्या अखत्यारीतल्या विषयात दिवाणी न्यायालयाला अधिकार नाही. ९ ऑगस्टला दावा मागे घेतला. तीन आठवडे, कोर्ट फी आणि वकिलाची फी गेली. डीआरटीही शिवाजीनगर भागातच आहे. रस्ता जवळचा, पण दार चुकलं. उच्च न्यायालयात रिट टाकायचा सल्लाही कोणीतरी दिला. २०१० च्या सत्यवती टंडन निकालापासून सर्वोच्च न्यायालय उच्च न्यायालयांना हेच बजावत आलं आहे की पर्यायी मार्ग असताना अशा रिटमध्ये हात घालू नका. तो खर्च तरी वाचला.

आणखी एक गैरसमज या टप्प्यावर निघतो: ‘सहकारी बँकेला सरफेसी लागूच नाही’. २०२० पूर्वी यावर खरंच वाद होता. ५ मे २०२० ला पांडुरंग गणपती चौगुले प्रकरणात घटनापीठाने तो मिटवला, सहकारी बँकांना सरफेसी लागू आहे. उरलेला फरक असा की राज्याच्या कायद्याखाली नोंदलेली सहकारी बँक सहसा डीआरटीत स्वतःचा वसुली दावा लावत नाही. त्यासाठी तिच्याकडे सहकार कायद्याचं कलम १०१ आहे.

अर्ज २२ ऑगस्टला दाखल झाला, यावेळी नवरा-बायको दोघांच्या नावाने. हे दुसऱ्या वकिलीणबाईंनी केलं. पहिल्या मसुद्यात फक्त नवरा होता आणि बायकोच्या नोटिशीचा मुद्दा नवऱ्याच्या तोंडून मांडला होता. ज्याची तक्रार त्यानेच अर्जदार व्हायला हवं. फीचं गणित सोपं आहे: १० लाखांपर्यंतच्या कर्जाला दर लाखाला ५००, त्यापुढे ५,००० अधिक १० लाखांवरच्या प्रत्येक लाखाला किंवा त्याच्या भागाला २५०, कमाल एक लाख. ७७.६० लाखांत १० लाखांवरचे ६८ भाग होतात, १७,००० आणि ५,००० मिळून २२,००० रुपये. मार्डिया केमिकल्सच्या २००४ च्या निकालाआधी अर्जासोबत मागणीच्या ७५ टक्के रक्कम भरावी लागे. ती अट तेव्हाच रद्द झाली. तरी ‘डीआरटीत जायचं तर निम्मे पैसे भरावे लागतात’ असं लोक आजही सांगतात. ते अपिलाचं झालं.

‘स्टे’ मिळतो कधी

बँकेने कॅव्हेट (आम्हाला ऐकल्याशिवाय आदेश देऊ नये, असा अर्ज) लावून ठेवलं होतं, त्यामुळे पहिल्याच दिवशी दोन्ही वकील हजर. न्यायाधिकरणाने स्थगिती दिली नाही. कारण साधं होतं: ताबा सांकेतिक आहे, कोणी घराबाहेर निघत नाही, घाई काय आहे. बँकेला उत्तर द्यायला सांगितलं आणि पुढची तारीख पडली. इथे नाउमेद व्हायचं कारण नाही. पण झोपूनही चालत नाही, कारण बँकेचं दुसरं काम त्याच वेळी चालू असतं.

३ सप्टेंबरला बँकेने जिल्हा दंडाधिकाऱ्यांकडे कलम १४ चा, म्हणजे प्रत्यक्ष ताब्यासाठी मदत मागणारा, अर्ज केला. पुण्यात हा अर्ज जिल्हाधिकारी कार्यालयात जातो किंवा मुख्य न्यायदंडाधिकाऱ्यांकडे. २०१९ च्या निकालाने त्यांनाही हा अधिकार आहे असं ठरलं. सोबत नऊ मुद्द्यांचं शपथपत्र लागतं: कर्ज, तारण, एनपीए, नोटीस बजावली, आक्षेपाला उत्तर दिलं वगैरे. आदेश ३० दिवसांत द्यायचा, कारण नोंदवून ६० पर्यंत. इथे तो २५ ऑक्टोबरला आला. त्या टप्प्यावर कर्जदाराला बोलावत नाहीत, ऐकतही नाहीत. म्हणून शपथपत्राची प्रत नंतर मागवून ओळीओळीने वाचायची. या शपथपत्रात लिहिलं होतं: ‘सर्व कर्जदार व जामीनदार यांना नोटीस रीतसर बजावली.’ बँकेच्या स्वतःच्या फाइलीत ‘नॉट नोन’ शेरा असताना.

२६ नोव्हेंबरला तहसील कार्यालयाचं पत्र आलं: १२ डिसेंबरला पोलीस बंदोबस्तात प्रत्यक्ष ताबा. आता घाई होती. मूळ अर्जात कलम १४ चा आदेश आणि हे पत्र घालण्यासाठी अर्जदुरुस्ती आणि सोबत स्थगितीचा अर्ज. बरेच अर्ज इथे पडतात. लोक समजतात की एकदा अर्ज टाकला की पुढचं सगळं त्यात आलं. ताबा, कलम १४ चा आदेश, लिलावाची नोटीस, प्रत्येक पावलाला आव्हान अर्जात यावं लागतं, तेही त्या पावलापासून ४५ दिवसांत.

याच आठवड्यात नात्यातल्या कोणीतरी सुचवलं की शेडमध्ये मागच्या तारखेचा भाडेकरू दाखवू. ही युक्ती पुण्याच्या औद्योगिक पट्ट्यात जुनी आहे. १३(२) च्या नोटिशीनंतर बँकेच्या लेखी संमतीशिवाय मिळकत भाड्याने देता येत नाही. १७(४-अ) खाली न्यायाधिकरण भाडेपट्टा तपासतं, आणि २०१९ च्या बजरंग अगरवाल निकालानंतर बिननोंदणीच्या तोंडी भाडेकराराला फारसा आधार उरलेला नाही. खोटा कागद सापडला की अर्जदाराच्या खऱ्या मुद्द्याकडेही संशयाने बघितलं जातं. वकिलीणबाईंनी नकार दिला.

५ डिसेंबरला आदेश झाला: ११ डिसेंबरपर्यंत ८ लाख आणि १० जानेवारी २०२५ पर्यंत आणखी ८ लाख बँकेत भरा, तोवर ताबा घेऊ नये. चुकलात तर स्थगिती आपोआप संपेल. ही रक्कम कायद्यात लिहिलेली नाही, न्यायाधिकरणाच्या विवेकाधीन आहे. तक्रारीत दम आहे, पण अर्जदाराची पैसे भरायची तयारीही दिसू दे, असा त्याचा अर्थ असतो. रक्कम ठरते तेव्हा वकिलाच्या हातात कर्जदाराची खरी ऐपत लेखी असावी. इथे ‘साहेब, सोळा होतील’ असं कोर्टाबाहेर उभ्याउभ्या ठरलं.

पहिले ८ लाख सोनं विकून भरले. १० जानेवारीला जमले फक्त ५. उरलेले ३ लाख १६ तारखेला गेले. मुदतवाढीचा अर्ज १० तारखेच्या आधी द्यायला हवा होता, तो गेला १७ ला. मधल्या आठवड्यात बँकेच्या बाजूने स्थगिती संपलेली होती. तहसीलदारांनी शेडसाठी २४ जानेवारीची तारीख दिली आणि त्या दिवशी शेड गेली. फ्लॅटची तारीख ३१ होती. तोवर १६ लाख पूर्ण भरलेले दिसत होते, म्हणून फ्लॅटपुरती स्थगिती वाढवून मिळाली. सहा दिवसांच्या उशिराची किंमत ती शेड.

कुलूप लावताना

२४ जानेवारीचा दिवस जवळून बघण्यासारखा आहे, कारण यानंतरचे निम्मे तंटे त्यातून उठतात. सकाळी साडेदहाला मंडल अधिकारी, दोन हवालदार, बँकेचा प्राधिकृत अधिकारी, दोन पंच आणि कुलूपवाला. आत मशीन चालू. लेथच्या बाजूला प्लास्टिकच्या क्रेटमध्ये १,२०० च्या आसपास अर्धवट कातलेले भाग, कच्चा माल ग्राहक कंपनीचा. जॉबवर्कवाल्याचा माल त्याच्या मालकीचा नसतो. तो बँकेचंही तारण नाही. पण हे सांगून भागत नाही, दाखवावं लागतं.

दाखवणारा कागद म्हणजे डिलिव्हरी चलन. ज्या चलनावर माल आला त्याच्या प्रती फाइलीला होत्या, म्हणून पंचनाम्यात ‘ग्राहकाचा माल, चलन क्रमांक अमुक’ अशी नोंद करून घेता आली आणि दहा दिवसांनी तो माल ग्राहकाला सोडवून मिळाला. चलनं शेडमधल्याच कपाटात राहिली असती तर तीही कुलपात गेली असती. म्हणून तहसीलदारांचं पत्र आलं की चलनं, जीएसटीची कागदपत्रं, कामगारांचे पीएफचे आणि पगाराचे कागद, कॉम्प्युटरची हार्ड डिस्क आधी घरी हलवावी. मशीन हलवू नये. ती तारण आहेत, हलवली तर फौजदारी मागे लागते.

यंत्रसामग्रीची यादी नियमांतल्या नमुन्यात करतात, पंचनाम्यावर दोन पंचांच्या सह्या लागतात. यादीत ‘व्हीएमसी मशीन, १ नग’ एवढंच लिहिलेलं चालवून घेऊ नये. मेक, मॉडेल, सीरियल नंबर, कंट्रोलर, त्याबरोबरचे टूल होल्डर आणि व्हाइस. टूलिंगचेच तीन-चार लाख होतात आणि यादीत नसेल तर लिलावात ते ‘भंगार व इतर’ मध्ये जातं. कर्जदाराने यादीवर सही करताना ‘हक्काला बाध न येता’ लिहिलं आणि प्रत मागितली. प्रत दोन दिवसांनी मिळाली.

निकाल

कायद्यात कलम १७ चा अर्ज ६० दिवसांत आणि जास्तीत जास्त चार महिन्यांत निकाली काढायचा आहे. लांबला तर लवकर निकालासाठी अपिली न्यायाधिकरणाकडे जाता येतं. इथे दहा महिने लागले. आदेश झाला २० जून २०२५ ला.

एनपीएची तारीख नऊ दिवस आधीची धरली हे न्यायाधिकरणाने मान्य केलं. पण नोटीस निघाली त्या दिवशी, म्हणजे २२ एप्रिलला, थकबाकी १०३ दिवसांची होती. म्हणजे नोटिशीच्या दिवशी खातं एनपीए होतंच. मुद्दा फेटाळला. हाच मुद्दा नोटीस ५ एप्रिलला निघाली असती तर कारवाई उलथवून गेला असता. वर्तमानपत्रातला तीन दिवसांचा उशीर किरकोळ ठरला. दंडव्याजाचा हिशेब बँकेने दुरुस्त करावा असं म्हटलं, पण आकडा चुकला म्हणून नोटीस रद्द होत नाही. लघुउद्योगांच्या पुनरुज्जीवनाच्या चौकटीचा मुद्दाही घेतला होता. ऑगस्ट २०२४ च्या प्रो निट्स निकालात ती चौकट बंधनकारक ठरली आहे. पण त्याच निकालात म्हटलंय की एनपीए होण्याआधी उद्योगानेच पुढे येऊन कागद दाखवले पाहिजेत. या कर्जदाराने उद्यम नोंदणी केली होती, पण बँकेकडे अर्ज कधीच केला नव्हता.

राहिलं पाकीट. बँकेचं म्हणणं: दोघं एका घरात राहतात, नवऱ्याला नोटीस मिळाली, बायकोला माहीत होतंच. न्यायाधिकरणाने ते मानलं नाही. माहीत असणं वेगळं आणि बजावणी वेगळी. फ्लॅटची ती निम्मी मालकीण, तिचा खरा पत्ता बँकेच्याच गहाणपत्रात, पाकीट परत आल्यावर नियम ३ मधला पुढचा मार्ग बँकेने धरला नाही, आणि कलम १४ च्या शपथपत्रात उलट लिहिलं. फ्लॅटपुरती १३(२) पासूनची सगळी पावलं रद्द. शेडची कारवाई कायम. बँकेला नव्याने नोटीस काढायची मुभा. हे इतर कुठल्या न्यायाधिकरणापुढे दुसऱ्या बाजूलाही झुकलं असतं. तिच्या सहीचा एखादा कागद, तिने उचललेला एखादा फोन, पुरे होतो. शपथपत्रातलं ते वाक्य नसतं तर निकाल इतका स्वच्छ आला नसता, असं आम्हाला वाटतं.

शेडसाठी अपील करायचं का? अपिली न्यायाधिकरण मुंबईला, मुदत ३० दिवस. कर्जदाराने अपील करायचं तर येणे रकमेच्या ५० टक्के आधी भरायचे, कमी करून २५ पर्यंत. बँकेचा दावा तेव्हा ७४ लाखांचा होता. म्हणजे ३७ लाख, सूट मिळाली तरी साडेअठरा. अपील झालं नाही.

लिलाव आणि फ्लॅट

बँकेने १५ जुलैला नवी १३(२) ची नोटीस काढली, यावेळी चिंचवडच्या पत्त्यावर दोन वेगळी पाकिटं. १८ जुलैला बायकोने स्वतः एडीवर सही केली. ती टाळायला तिला कोणीतरी सांगत होतं. टाळली असती तर दाराला चिकटली असती आणि सोसायटीत बोभाटा झाला असता, बाकी काही नाही.

शेडच्या लिलावाची नोटीस १ ऑगस्टला छापून आली, राखीव किंमत ५२ लाख, लिलाव ९ सप्टेंबरला. १२ ऑगस्टला कर्जदार ५८ लाखांचा ग्राहक घेऊन बँकेत गेला. उशीर झाला होता. २०१६ च्या दुरुस्तीनंतर पूर्ण रक्कम भरून मिळकत सोडवायचा हक्क लिलावाची नोटीस प्रसिद्ध होण्याआधीपर्यंतच आहे. सप्टेंबर २०२३ च्या बाफना मोटर्स निकालाने तो अर्थ पक्का केला. शिवाय ५८ लाखांत पूर्ण येणं फिटतही नव्हतं. जानेवारी ते जुलै या सहा महिन्यांत हा ग्राहक आणला असता तर बँकेशी लेखी करार करून खासगी विक्री जमली असती. बँकेने त्याला लिलावात बोली लावायला सांगितलं, पण त्याचं स्वतःचं कर्ज मंजूर झालेलं नव्हतं आणि एमआयडीसीचं हस्तांतर शुल्कही त्याने धरलं नव्हतं. शेड ५५,४०,००० ला गेली. खरेदीदाराने २५ टक्के, म्हणजे १३,८५,००० दुसऱ्या दिवशीपर्यंत पुरे केले, बाकी १५ दिवसांत.

विक्रीच्या दिवशी येणं ७५.९० लाख, ताब्याचा, पहारेकऱ्याचा आणि जाहिरातीचा खर्च ६० हजार, त्यातून ५५.४० गेले. उरले २१.१० लाख, आणि समोर फ्लॅट.

इथे कलम ३१(जे) कामाला आलं. उरलेलं येणं मुद्दल आणि व्याजाच्या २० टक्क्यांपेक्षा कमी असेल तर सरफेसी लागत नाही. पाया कोणत्या तारखेच्या रकमेचा धरायचा यावर वाद होतो. १३(२) ची पहिली मागणी धरली तर २० टक्के म्हणजे १५.५२ लाख. कर्जदाराने साडेपाच-सहा लाख भरले की फ्लॅट सरफेसीतून बाहेर पडतो. पण कर्ज संपत नाही, गहाणही सुटत नाही. बँक कलम १०१ खाली निबंधकाकडून वसुली दाखला घेते आणि तो तीनही नावांवर निघतो. त्याविरुद्ध फेरतपासणी मागायची तर वसुलीच्या ५० टक्के भरावे लागतात. चाकणच्या मित्राच्या पगारातून कपात सुरू होईल ही भीती खरी होती. दीड वर्ष त्याला कोणी विचारलं नव्हतं.

बँकेलाही नवा ताबा, नवं कलम १४, नवा अर्ज, सगळं पुन्हा नको होतं. साडेसोळा लाखांवर एकरकमी तडजोड झाली: ४ लाख लगेच, साडेबारा ९० दिवसांत. करारपत्रात तीन वाक्यं घालून घेतली. मित्राची जामिनकी पूर्ण मोकळी. सर्व कार्यवाही मागे. आणि रक्कम चुकली तर भरलेले पैसे जप्त नाहीत, खात्यात जमा. तिसऱ्या वाक्यावर बँकेच्या संचालक समितीत दोन बैठका गेल्या.

शेवटचा हप्ता भरल्यावर मूळ कागद बँकेकडून लगेच परत मागून घ्यायचे. ३० दिवसांत कागद परत आणि बँकेमुळे उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई, ही रिझर्व्ह बँकेची १३ सप्टेंबर २०२३ ची सूचना वैयक्तिक कर्जांसाठी आहे, धंद्याच्या कर्जाला ती लागू धरू नये. त्याच वेळी सेरसाईतली नोंद उतरवून घ्यायची, दुय्यम निबंधकाकडे गहाण सुटल्याचा दस्त करायचा आणि सोसायटीच्या दफ्तरातला बँकेचा बोजा कमी करायचं पत्र द्यायचं. सोसायटीचं काम सगळ्यात शेवटी राहतं आणि फ्लॅट विकायच्या वेळी आठवतं. इथे ते बायकोने केलं, शेअर सर्टिफिकेटवरचा शेरा सचिवांकडून खोडून, शिक्का मारून घेतला.